ओवीतली तसबीर: शिर्डी, मराठी चरित्रकार आणि प्रतिमांचे अभ्यासक

आधुनिक लेखक आणि दृश्यसंस्कृती यांचा एकत्र विचार करणारी पुस्तके गेल्या दोन-तीन दशकांत बरीच आली. महाराष्ट्राशी संबंधित पुस्तके पाहिली तर त्यांचे सरळ दोन गट पडतात. पहिल्या गटात आधुनिक कवी आहेत. अरुण कोलटकरांवरचे लेतिसिया झेकिनी यांचे २०१४ चे पुस्तक आणि अंजली नेर्लेकर यांचे २०१६ चे ‘बॉम्बे मॉडर्न’ ही त्यातली ठळक नावे. कवी जे. जे. स्कूलमध्ये शिकलेला, जाहिरातक्षेत्रात नाव कमावलेला, स्वतःच्या पुस्तकांची मुखपृष्ठे स्वतः करणारा. तेव्हा त्याची कविता आणि त्याची नजर वेगळी काढता येत नाही, हे या अभ्यासांनी नीट मांडले. दुसऱ्या गटात देवादिकांच्या आणि संतांच्या छापील प्रतिमा आहेत. ख्रिस्तोफर पिनी यांचे ‘फोटोज ऑफ द गॉड्स’ (२००४), कजरी जैन यांचे ‘गॉड्स इन द बझार’ (२००७), विल्यम एलिसन यांचे मुंबईतल्या देवस्थानांवरचे ‘द नेबरहुड ऑफ गॉड्स’ (२०१८) आणि या लेखाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे, कार्लीन मॅक्लेन यांचे शिर्डीच्या साईबाबांवरचे ‘द आफ्टरलाइफ ऑफ साईबाबा’ (२०१६). पहिल्या गटात शब्द आणि चित्र एकमेकांना घडवताना दिसतात. दुसऱ्या गटात चित्र पुढे येते आणि शब्द बहुतेक वेळा त्या चित्रामागचा पुरावा म्हणून उरतो. ही वाटणी चुकीची आहे, असे माझे म्हणणे आहे, आणि तिची चूक सर्वांत स्पष्ट दिसते ती नगर जिल्ह्यात, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यात. शिर्डीची प्रतिमा छायाचित्रकार, चित्रकार, शिल्पकार आणि सिनेमावाले यांनी घडवली हे खरेच. पण त्या प्रतिमेकडे कसे पाहायचे, हे मराठी ओवीने शिकवले. आणि ते शिकवणारे लेखक आपण अजून लेखक म्हणून वाचलेले नाहीत.

मॅक्लेन यांच्यापासून सुरुवात करणे न्याय्य आहे, कारण या प्रश्नाच्या सर्वांत जवळ त्याच पोचल्या. अमेरिकेतल्या बकनेल विद्यापीठात शिकवणाऱ्या या विदुषीचे २००९ चे पुस्तक ‘अमर चित्रकथा’वर होते. अनंत पै यांनी १९६७ मध्ये सुरू केलेल्या या मालिकेत पुराणकथा चौकटीत कशी बसवली जाते, संपादक आणि चित्रकार यांच्यात काय वाद होतात, कोणता प्रसंग गाळला जातो, हे त्यांनी कार्यालयात बसून पाहिले आणि लिहिले. तीच नजर घेऊन त्या शिर्डीकडे वळल्या. त्यांच्या साईबाबांवरच्या पुस्तकाचा गाभा असा की साईबाबांचे एकच एक चरित्र नाही; दासगणू, दाभोलकर, मद्रासचे नरसिंहस्वामी, १९७७ चे हिंदी सिनेमे आणि परदेशातली मंदिरे अशा प्रत्येकाने आपापले साईबाबा उभे केले आणि ही रूपे एकमेकांशी स्पर्धा करत राहिली. हा मांडणीचा मोठा गुण आहे. त्याआधीच्या पुस्तकांचा सारा रोख ‘खरे साईबाबा कोण’ या प्रश्नावर होता. अंतोनिओ रिगोपोलोस यांचे १९९३ चे चरित्र काळजीपूर्वक केलेले आहे. हिंदू-मुसलमान परंपरांच्या मिलाफाचा धागा ते सोडत नाहीत. मारियान वॉरन यांनी १९९९ मध्ये साईबाबा मुळात सूफी फकीर होते असा पक्ष घेतला आणि त्यासाठी नांदेडहून आलेल्या सेवेकरी अब्दुलबाबांची वही इंग्रजीत आणली. दोन्ही पुस्तके उपयोगी आहेत, पण ती ओव्यांच्या पलीकडे असलेला माणूस शोधतात. मॅक्लेन ओव्यांपाशी थांबतात. अडचण एवढीच की त्या थांबतात ते चरित्रकाराची भूमिका समजून घेण्यासाठी. तो लेखक दृश्य कसे उभे करतो, वाचकाची नजर कुठे नेतो, हे तपासायला त्यांच्या मांडणीत फारशी जागा उरत नाही. एलिसन यांच्याकडे तर मूळ प्रश्नच रस्त्याचा आहे: पदपथावरचे साईमंदिर शहरातली जागा कशी ताब्यात घेते, प्रतिमेची नजर वस्तीवर कशी राहते. तो अभ्यास विलक्षण आहे. पण तिथे पोथी पार दूर राहते.

ज्या जिल्ह्यात ही प्रतिमा जन्मली त्या जिल्ह्याचा वाङ्मयीन इतिहास समोर ठेवला की चित्र बदलते. नेवाशाला ज्ञानेश्वरी झाली ती १२९० मध्ये. तो संदर्भ सर्वांना ठाऊक आहे. त्याहून आपल्या विषयाला जवळचे नाव राहुरी तालुक्यातल्या ताहराबादच्या महिपतींचे. ‘भक्तविजय’ (१७६२) आणि ‘भक्तलीलामृत’ (१७७४) या ग्रंथांतून त्यांनी संतांची चरित्रे प्रसंगाप्रसंगाने सांगितली, आणि ती इतकी डोळ्यांसमोर उभी राहणारी होती की पुढे कीर्तनकारांना, रंगीत छापील चित्रांना आणि अखेर संतपटांना तयार प्रसंग मिळाले. अमेरिकन मराठी मिशनच्या जस्टिन ॲबट यांनी महिपतींना इंग्रजीत आणले, आणि नामदेवांच्या सार्वजनिक स्मृतीवर लिहिताना ख्रिश्चन नोवेट्झके यांनाही महिपतींना टाळता आले नाही. त्याच जिल्ह्यातल्या अकोळनेरला १८६८ मध्ये गणेश दत्तात्रेय सहस्रबुद्धे जन्मले. पोलीस खात्यातली नोकरी, पुढे कीर्तन, आणि दासगणू हे नाव. महिपतींच्या ग्रंथाचेच नाव घेऊन त्यांनी १९०६ मध्ये ‘भक्तलीलामृत’ लिहिले आणि त्याच्या ३१ ते ३३ या अध्यायांत शिर्डीच्या फकिराला संतमालिकेत बसवले. साईबाबा तेव्हा हयात होते. जिवंत माणसाला चरित्रग्रंथात संत म्हणून जागा देणे हे धाडस होते, आणि ते अंगावर घेतले गेले महिपतींच्या साच्यामुळे. पाण्यावर पणत्या पेटल्याची कथा याच लेखनातून सर्वदूर गेली. वाण्यांनी तेल नाकारले, बाबांनी पणत्यांत पाणी ओतले आणि मशीद रात्रभर उजळली. आज घरोघरच्या तसबिरींत आणि सिनेमात हा प्रसंग दिसतो तेव्हा त्याची रचना ओळखावी: आधी नकार, मग शांत कृती, मग उजेड. ती चित्रकाराने ठरवलेली नाही. ती कीर्तनकाराने उत्तररंगासाठी बांधलेली आहे.

दासगणूंचा हात वेगवान आहे. ते प्रसंगाचा शेवट आधी पाहतात. गोविंद रघुनाथ दाभोलकरांचा हात वेगळा. १८५९ मध्ये केळवे-माहीम भागात जन्मलेले, सरकारी नोकरीत वांद्र्याला दंडाधिकारी झालेले दाभोलकर १९१० मध्ये प्रथम शिर्डीला गेले आणि बाबांनी त्यांना हेमाडपंत म्हटले. ‘श्री साईसच्चरित’ हा त्यांचा ग्रंथ ५३ अध्यायांचा, नऊ हजारांहून अधिक ओव्यांचा. १९२३ मध्ये सुरू झालेल्या ‘श्री साईलीला’ मासिकातून तो येत गेला, १९२९ मध्ये दाभोलकर वारले आणि त्यानंतर तो पुस्तकरूपाने लोकांच्या हाती आला. नमने संपली की या ग्रंथाची सुरुवात एका दृश्याने होते. सकाळी मशिदीत बाबा जमिनीवर गोणपाट पसरतात, त्यावर जाते मांडतात, कफनीच्या अस्तन्या वर सारतात, खुंटा ठोकून घट्ट करतात आणि सुपातले गहू मुठीमुठीने वैरू लागतात. ज्याला संसार नाही, घर नाही, त्याला पीठ कशाला? चार बायका पुढे होऊन जाते हातात घेतात, पीठ आपल्यालाच मिळणार म्हणून वाटून घेऊ लागतात, तर बाबा त्यांना रागे भरतात आणि पीठ गावाच्या शिवेवर टाकायला लावतात. गावात पटकीची साथ होती. दाभोलकर म्हणतात, हे पाहिले आणि लिहावेसे वाटले. म्हणजे या ग्रंथाचे मूळ एका पाहण्यात आहे. उपदेश पुढे येतो. आठव्या अध्यायातले भिक्षेचे वर्णन असेच बारकाईचे आहे. पातळ पदार्थ टमरेलात, कोरडे झोळीत, मग सगळे मशिदीतल्या मातीच्या कुंडीत. त्या कुंडीत कुत्री, मांजरे, कावळे तोंड घालतात, कोणी हाकलत नाही, आणि मशीद झाडणारी बाई त्यातलेच भाकरीचे तुकडे घरी नेते. हे लिहिणारा माणूस चमत्कारांची यादी करत नव्हता. तो वस्तू पाहत होता, आणि वस्तू ज्या क्रमाने हलतात तो क्रमही पाहत होता.

या ग्रंथाचा बाविसावा अध्याय प्रतिमांच्या अभ्यासकांनी पुन्हा पुन्हा वाचावा असा आहे. साईबाबांची जी बैठक आज जगभर ओळखली जाते, उजवा पाय डाव्या गुडघ्यावर आडवा आणि डावा हात त्या पावलावर, तिचे वर्णन दाभोलकर तिथे करतात आणि तिचा अर्थही लावतात. डाव्या हाताची तर्जनी आणि मधले बोट उजव्या पायाच्या अंगठ्याच्या दोन बाजूंना आहेत. अमावास्येनंतर चंद्राची बारीक कोर दिसावी म्हणून झाडाच्या दोन फांद्यांमधून आकाशाकडे पाहायला सांगतात, तसे या दोन बोटांमधून अंगठ्याकडे पाहा, असे ते सांगतात. दाखवायचा चंद्र तो अंगठा. शाखाचंद्राचा दृष्टान्त वेदान्तात जुना आहे. नवे आहे ते हे की तो इथे एका विशिष्ट देहाच्या विशिष्ट बैठकीला, बोटांच्या फटीपर्यंत, चिकटवलेला आहे. प्रतिमेत कुठे बघायचे हे कवी नेमके सांगतो: चेहऱ्याकडे नव्हे, वर उचललेल्या हाताकडे नव्हे, पायाच्या अंगठ्याकडे. पुढे मुंबईचे चित्रकार श्यामराव जयकर यांचे तैलचित्र द्वारकामाईत, म्हणजे बाबांच्या मशिदीत, आले आणि १९५४ च्या विजयादशमीला बाळाजी वसंत तालीम यांनी घडवलेली इटालियन संगमरवरी मूर्ती समाधिमंदिरात बसली. मूर्तीची बैठक तीच. भाविक मूर्तीपुढे वाकतो तेव्हा डोके त्या पावलांकडे झुकते. छायाचित्राने बैठक दिली, शिल्पकाराने तिला दगड दिला. तिथे नजर कुठे ठरवायची हे मात्र पोथीने आधीच ठरवून ठेवले होते. दृश्यसंस्कृतीवरची पुस्तके ‘दर्शन’ म्हणजे देवाने भक्ताला आणि भक्ताने देवाला पाहणे, असे सर्वसामान्य सूत्र वापरतात. ते सूत्र खोटे नाही. पण बाविसाव्या अध्यायात दर्शन शिकवले जाते, अवयवाअवयवाने, आणि शिकवणारा एक विशिष्ट मराठी लेखक आहे.

त्याहूनही मोठा पुरावा चाळीस आणि एकेचाळीस या अध्यायांत आहे. छापील प्रतिमांच्या इतिहासात इतका भरगच्च मजकूर दुसरीकडे क्वचितच मिळेल. १९१७ ची होळी. पहाटे दाभोलकरांच्या स्वप्नात एक संन्यासी येतो आणि आज जेवायला येतो असे सांगतो. पत्नीला तांदूळ जास्त टाकायला सांगितले जाते. दुपारी दोन पंगती मांडल्या जातात, रांगोळ्या घातल्या जातात, मधला पाट पाहुण्यासाठी मोकळा राहतो. बारा वाजून जातात, कोणी येत नाही. वैश्वदेव होतो, नैवेद्य दाखवला जातो, तूप वाढून होते, आता घास घ्यायचा, एवढ्यात जिन्यावर पावले वाजतात. दार उघडल्यावर दोन मुसलमान गृहस्थ उभे, अली महंमद आणि मौलाना इस्मू मुजावर. पंगत बसलेली पाहून ते ओशाळतात, जुन्या वर्तमानपत्रांत गुंडाळलेले काहीतरी टेबलावर ठेवतात आणि हकीकत नंतर सांगू म्हणून निघून जातात. आत साईबाबांची मोठी तसबीर. ती मधल्या पाटावर ठेवली जाते आणि मग घर जेवते. एकेचाळीसाव्या अध्यायात, नऊ वर्षांनी, ती हकीकत येते. तसबीर मुंबईच्या रस्त्यावर फेरीवाल्याकडून घेतलेली. वांद्र्याच्या घरात तिला चौकट करून इतर अवलियांच्या तसबिरींशेजारी टांगलेली. पुढे अली महंमद यांच्या पायाला गळू होते, शस्त्रक्रिया होते, आणि ते मेहुण्याच्या घरी राहतात. मेहुण्याच्या गुरूंच्या फोटोवरून मोठी प्रत काढलेली, नातेवाइकांत वाटलेली. गुरू ते पाहून संतापतात, मूर्तिपूजा म्हणून धिक्कारतात आणि प्रती समुद्रात टाकल्या जातात. मग अली महंमद यांच्या बंद घरातल्याही सगळ्या तसबिरी समुद्रात जातात. दोन महिन्यांनी घरी परतल्यावर भिंतीवर एकच उरलेली दिसते: साईबाबांची. तिला कपाटात दडवले जाते, आणि ती सुखरूप राहील असे घर म्हणून दाभोलकरांचे घर निवडले जाते.

या दोन अध्यायांत काय काय आहे ते मोजून पाहावे. साईबाबा हयात असतानाच त्यांचे चित्र मुंबईच्या रस्त्यावर विकत मिळत होते. ते मुसलमान घरांत इतर संतांच्या रांगेत टांगले जात होते. फोटोवरून मोठी प्रत काढणे, नात्यात प्रती वाटणे हे चालू होते. प्रतिमा ठेवावी की बुडवावी हा वाद एका मुसलमान कुटुंबाच्या आत, गुरू आणि शिष्य यांच्यात चालू होता, आणि त्या वादातून वाचलेली वस्तू ब्राह्मण घराच्या पंगतीत मधल्या पाटावर बसली. पिनी यांनी पुण्याची चित्रशाळा, रविवर्मा प्रेस, नाथद्वाऱ्याचे चित्रकार यांच्यातून छापील प्रतिमेचा जो इतिहास सांगितला, त्याची एक शाखा इथे घराच्या जिन्यापर्यंत येऊन पोचते. आणि दाभोलकर हे सगळे एका गाठीत बांधतात: पाहुणा कोण येईल हा प्रश्न वाचकाच्या मनात शेवटच्या क्षणापर्यंत टांगता ठेवून, आणि कारण नऊ वर्षे मागे ढकलून. चाळीसाव्या अध्यायातला चमत्कार एकेचाळीसाव्या अध्यायात बाजाराच्या, आजाराच्या आणि घरातल्या भांडणाच्या कारणांनी भरून जातो. तरी चमत्कार कमी होत नाही. अशी रचना करणाऱ्याला कथनाचे भान नाही असे कोण म्हणेल? बालाबुवा सुतारांची हकीकत अशीच. ते १९१७ मध्ये प्रथम शिर्डीला आले, तर बाबा म्हणाले, याला मी चार वर्षांपासून ओळखतो. चार वर्षांपूर्वी बालाबुवांनी मुंबईत बाबांच्या तसबिरीला नमस्कार केला होता. तसबीर आणि देह यांच्यात भेद नाही हा सिद्धान्त दाभोलकर सांगत बसत नाहीत. भेटीगाठींच्या हिशेबातून तो सिद्ध करतात.

आता हरकती. पहिली हरकत सर्वांत सोपी आणि सर्वांत जोरकस: साईबाबांचे चित्र ज्यांच्या रिक्षात, दुकानात, पाकिटात आहे त्यांतल्या बहुतेकांनी पोथी उघडलेली नाही. मद्रासपासून अमेरिकेपर्यंत हे चित्र भाषेशिवाय गेले. १९७७ च्या ‘अमर अकबर अँथनी’त मूर्तीच्या डोळ्यांतून निघालेल्या ज्योती आंधळ्या आईच्या डोळ्यांत जातात आणि तिला दिसू लागते, त्यासाठी प्रेक्षकाला एकही ओवी ठाऊक असावी लागत नाही. एलिसन, नोवेट्झके आणि अँडी रॉटमन यांनी २०१६ मध्ये या सिनेमावर मिळून पुस्तक लिहिले, तेव्हा हाच प्रसंग त्यांच्यापुढे असणार. हरकत अर्धी मान्य करावी. पोथी न वाचता चित्र चालते. पण चित्र एकटे चालत नाही. हैदराबाद-चेन्नईच्या मंदिरांत आजही मराठी आरत्या म्हटल्या जातात. तेलुगू लिपीत छापलेल्या पुस्तिकांतून मराठी न येणारे लोक दासगणूंची, अडकरांची, नागपूरच्या भीष्मांची रचना तोंडपाठ म्हणतात. नरसिंहस्वामींनी दक्षिणेत साईभक्ती नेली ती तसबिरीबरोबर भक्तांचे अनुभव छापून. १९४० च्या सुमारास त्यांनी गोळा केलेले हे अनुभव म्हणजे दाभोलकरांच्याच पद्धतीचा पुढचा खंड. नागेश वासुदेव गुणाजी यांनी १९४४ मध्ये सच्चरिताचे इंग्रजी रूपांतर केले नसते तर परदेशी अभ्यासकांच्या हाती काय लागले असते? आणि इथेच एक तोटाही झाला. गुणाजींचे रूपांतर संक्षिप्त आणि गद्य आहे. प्रसंग त्यात उतरले, ओवीचा क्रम आणि रेंगाळणे उतरले नाही. इंदिरा खेर यांचा पूर्ण अनुवाद १९९९ मध्ये आला तोवर इंग्रजी अभ्यासाची घडी बसून गेली होती. शब्द चित्राबरोबर गेला, पण सोलून गेला, आणि अभ्यासकांनी त्यालाच मूळ ऐवज मानायला सुरुवात केली.

दुसरी हरकत वॉरन यांची आहे आणि ती अधिक गंभीर आहे. त्यांच्या मते साईबाबांच्या मुसलमानपणावर रंग चढवला तो याच चरित्रकारांनी. मग त्यांना प्रतिमेचे गुरू मानणे म्हणजे त्या रंगालाच मूळ समजणे. दासगणूंच्या बाबतीत या म्हणण्यात तथ्य आहे. शिर्डीला पंढरपूर आणि फकिराला विठ्ठल करण्याची त्यांची ओढ उघड आहे, आणि महिपतींचा साचाच तसा होता. दाभोलकरांविषयी मात्र हे म्हणणे टिकत नाही. त्यांच्या ग्रंथात मशीद मशीदच राहते, ‘अल्ला मालिक’ बाबांच्या तोंडी पुन्हा पुन्हा येते, चिलीम विझत नाही. सहाव्या अध्यायात उत्सवाचा इतिहास आहे: कोपरगावचे सर्कल इन्स्पेक्टर गोपाळराव गुंड यांनी १८९७ मध्ये उरूस सुरू केला, नगरच्या दामूअण्णा कासारांनी निशाण दिले, दुसरे निमोणच्या नानासाहेबांनी, कोऱ्हाळ्याच्या अमीर शक्कर दलालांनी संदल काढला, आणि रामनवमीचा उत्सव त्याला नंतर, १९१२ मध्ये, जोडला गेला. एकाच दिवशी निशाणे आणि संदल एकाच गावातून निघतात हे दाभोलकर नोंदवतात. एकाला दुसऱ्यात विरघळवत नाहीत. उलट रंग चढवण्याचे काम पुढे प्रतिमांनीच जास्त केले. मूर्तीला मुकुट, भरजरी वस्त्रे, सिंहासन आले, तेव्हा टमरेल आणि फाटकी कफनी सच्चरितातच उरली. पंधराव्या अध्यायात तर बाबा दासगणूंनाच अडवतात. कीर्तनाला निघालेले दासगणू अंगरखा, उपरणे, फेटा अशा थाटात समोर येतात. बाबा त्यांना नवरदेव म्हणतात आणि ते सगळे उतरवायला लावतात. त्यानंतर दासगणू उघड्या अंगाने, हातात चिपळ्या आणि गळ्यात हार एवढ्यावर कीर्तनाला उभे राहू लागले. प्रतिमेवरच्या साजाची टीका सापडते ती पोथीतच.

तिसरी हरकत मराठी समीक्षेची आहे, आणि ती मोठ्याने बोलली जात नाही. ती गप्प राहून पाळली जाते. सच्चरित ही भाविकांची पोथी, ती पारायणासाठी. तिच्यात वाङ्मय काय शोधायचे? याला प्रामाणिक उत्तर द्यायचे तर ग्रंथाचे दोषही मान्य करावे लागतात. अध्यायांच्या आरंभीची नमने आणि वेदान्ताची निरूपणे लांबतात. काही ठिकाणी ओवी नुसती भरीची आहे. एकनाथी भागवत आणि गुरुचरित्र यांची छाया कधी कधी सावली न राहता ओझे होते. पण प्रसंग सुरू झाला की दाभोलकरांचा हात बदलतो, आणि असे प्रसंग ग्रंथभर आहेत. दोषांमुळे ग्रंथ बाजूला ठेवायचा नियम लावला तर विसाव्या शतकातल्या पहिल्या तीन दशकांतली बरीचशी मराठी कविता आपल्याला कपाटात ठेवावी लागेल. खरे कारण वेगळे आहे. आपल्या विद्यापीठांनी आधुनिकता म्हणजे संशय अशी खूणगाठ बांधली. १९७६ मध्ये क्लिअरिंग हाऊसने काढलेली कोलटकरांची ‘जेजुरी’ या कसोटीला उतरते: देवळातला दगड आणि दगडातला देव यांच्यात रेंगाळणारी नजर आपण आधुनिक मानतो आणि तिच्यावर अभ्यास होतात, ते योग्यच आहे. पण सरकारी नोकरीतून आलेला, इंग्रजी शिकलेला, छापील मासिकातून क्रमशः लिहिणारा, फेरीवाल्याकडच्या तसबिरीची जन्मकथा नऊ वर्षांनी पूर्ण करणारा दाभोलकर हा तितकाच आधुनिक लेखक आहे. तो संशय घेत नाही, एवढ्याने त्याची नजर जुनी होत नाही. रा. चिं. ढेरे यांनी ‘श्रीविठ्ठल: एक महासमन्वय’ मध्ये मूर्ती, स्थळ, पुराण आणि अभंग एकाच वेळी वाचून दाखवले, तो ग्रंथ १९८४ चा आहे. भक्तिवाङ्मय आणि दृश्यप्रतिमा एकत्र वाचण्याची पद्धत मराठीत आहे, तिचा सर्वांत मोठा अभ्यासक मराठीत लिहीत होता. शिर्डीवर ती कोणी जोमाने चालवली नाही, हे समीक्षेचे दुर्लक्ष आहे. पोथीचा दोष नव्हे.

या वाचनातून एक प्रश्न उरतो तो सिनेमाचा. कुमारसेन समर्थ यांचा ‘शिर्डीचे साईबाबा’ हा मराठी चित्रपट १९५५ चा, म्हणजे तालीमांची मूर्ती बसल्यानंतरच्या वर्षाचा. अशोक भूषण यांचा हिंदी ‘शिर्डी के साईबाबा’ १९७७ चा, सुधीर दळवी यांच्या भूमिकेने लक्षात राहिलेला. दोन्हींच्या मागे सच्चरितातले आणि दासगणूंचे प्रसंग आहेत. पण पोथी प्रसंगाला कारणांचे जाळे देते, तिथे पडदा चमत्काराला लगेच फळ देतो. पणत्या पेटतात आणि गाणे सुरू होते. दाभोलकरांच्या होळीसारखा, ज्याचे उत्तर नऊ वर्षे लांबते, असा प्रसंग सिनेमाला पेलत नाही. म्हणूनच सिनेमावरून साईबाबांची प्रतिमा अभ्यासणाऱ्यांना चमत्कार हाच केंद्रभाग वाटतो. पोथी वाचणाऱ्याला तो तसबीर, पंगत, जिना, वर्तमानपत्र अशा वस्तूंमध्ये विखुरलेला दिसतो. मॅक्लेन यांनी सिनेमा आणि चरित्रकार एकाच मांडणीत आणले हे त्यांचे मोठे काम. पुढची पायरी म्हणजे त्या दोघांच्या सांगण्याच्या गतीतला हा फरक मोजणे.

त्यासाठी काय हवे तेही सांगता येते. सच्चरिताची टीपांसह संशोधित आवृत्ती हवी, ‘साईलीला’तला पहिला मजकूर आणि पुस्तकातला मजकूर शेजारी ठेवणारी. बाविसावा, चाळीसावा आणि एकेचाळीसावा अध्याय त्या काळच्या छायाचित्रांसह आणि छापील तसबिरींसह छापले जावेत. तसबिरी जुन्या घरांच्या देवघरांत अजून आहेत. दासगणूंचे १९०६ चे तीन अध्याय महिपतींच्या ‘भक्तलीलामृता’शी ताडून पाहावेत. आणि अब्दुलबाबांची वही या सगळ्यांबरोबर वाचली जावी, वॉरन यांनी लावलेल्या सूफी अर्थासह आणि त्या अर्थाशी भांडूनही, कारण मराठी ओवीने जे नोंदवले त्याची दुसरी बाजू तिथे आहे. नगर जिल्ह्यातली महाविद्यालये सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाशी जोडलेली आहेत. तिथल्या मराठी विभागांत ‘जेजुरी’वर प्रबंध होऊ शकतो, तर एकेचाळीसाव्या अध्यायावर का होऊ नये, याचे सयुक्तिक उत्तर मला दिसत नाही.